गृहस्वामी बाहेर गेले आहेत

ऑपरेटरबाईंना वेळेबद्दल कुणी काही शिकवायला गेलं की त्यांच्या कपाळावर आठी चढायची. तीस वर्षं टेलिफोन एक्सचेंजमध्ये कानाला पट्टा लावून त्यांनी परगावचे फोन जोडून दिले होते, आणि तीस वर्षं प्रत्येक संभाषणाच्या ऐन रंगात तोंड घालून सांगितलं होतं, "तीन मिनिटं झाली." माणसं काकुळतीला यायची. "बाई, एकच वाक्य राहिलंय हो!" त्यावर त्या म्हणायच्या, "सगळ्यांचं एकच राहिलेलं असतं," आणि वायर उपसायच्या. नियम म्हणजे नियम. गावातली निम्मी भांडणं आपण वेळेत तोडली, असं त्या स्वतः म्हणत. गावाचं म्हणणं वेगळं होतं, पण ते तीन मिनिटांत सांगून होण्यासारखं नव्हतं.

अशा बाईंना वयाच्या सत्तराव्या वर्षी वेळ वाढवून मागायला रांगेत उभं राहावं लागलं. कारण छकुली.

छकुली म्हणजे त्यांची एकुलती एक लेक. वय वर्षं त्रेचाळीस, दूरदेशी पूल बांधणाऱ्या एका मोठ्या कचेरीत तिच्या हाताखाली साठ माणसं. पण लहानपणी चिकटलेलं नाव काही निघालेलं नव्हतं. चार वर्षांनी ती येणार होती, नऊ दिवसांसाठी. मागच्या खेपेलाही नऊच दिवस आली होती. ती गेल्यावर ऑपरेटरबाईंनी हिशेब केला होता. पहिला दिवस प्रवासाचा शीण, शेवटचा सामानाची बांधाबांध, तीन दिवस भेटायला येणारी माणसं, दोन दिवस छकुलीची दाढ. निवांत असं बोलणं झालं एकूण पन्नास मिनिटं. म्हणजे जेमतेम सतरा कॉल, आणि त्यातलेही अर्धे "टॉवेल कुठाय" आणि "पंखा बंद करू का" या विषयांवर.

या वेळी असं होऊ द्यायचं नाही, असं त्यांनी ठरवलं. आणि त्या काळ-अभियंत्यांच्या संघाकडे गेल्या.

गावाला वेळ पुरवण्याचं काम या संघाकडे आहे, हे सगळ्यांना माहीत असतं. तरी सांगून ठेवलेलं बरं. संघाच्या ठाण्यातून वेळ निघतो आणि जमिनीखालून घरोघर येतो. प्रत्येक घराच्या पायरीखाली एक पितळी चावी असते आणि तिच्यावर शिशाचा शिक्का. चावी सैल केली की घरात वेळ संथ वाहतो, एक दुपार तीन दुपारींएवढी पुरते. आवळली की माणूस बसतो न बसतो तोच बाहेर अंधारून येतं. चावीला हात लावायचा अधिकार फक्त अभियंत्यांना. राखाडी कोट, कोपरांवर तेलाचे डाग, खांद्याला पाना, आणि मनगट मोकळं. घड्याळ बांधणं त्यांच्यात कमीपणाचं समजतात. घड्याळ स्वतःच वेळात बुडालेलं असतं, ते काय सांगणार, असं त्यांचं म्हणणं. म्हणून प्रत्येक घराचं एक मापकाम संघाच्या दप्तरी नोंदलेलं असतं. घरातल्या एका माणसाचं रोजचं एक काम. वर्षातून एकदा अभियंता येतो, ते काम करायला लावतो, आणि वाळूच्या कुपीने मोजतो. कामाला नेहमीएवढा वेळ लागला की चावी ठीक आहे. माणूसही वेळात बुडालेलाच असतो की, असं कुणी विचारलं तर ते त्याला दुसऱ्या नमुन्याचा अर्ज भरायला देतात.

वरच्या मजल्यावरच्या वकिलीणकाकूंचं मापकाम होतं 'नवऱ्याला झोपेतून उठवणे, सत्तावीस मिनिटे'. कोपऱ्यावरच्या शिंप्याचं 'एक काज करणे'. या शिंप्याला सगळे उद्याशेठ म्हणत, कारण कपडे कधी मिळतील याचं उत्तर त्याने आजवर बदललं नव्हतं. आणि ऑपरेटरबाईंच्या घराचं मापकाम होतं, 'गृहस्वामींचा सकाळचा चहा, पूर्वेच्या खोलीत, खिडकीशी. बेचाळीस मिनिटे.'

गृहस्वामी म्हणजे मास्तर, बाईंचे यजमान. शाळेत भूगोल शिकवायचे. पृथ्वी फिरायला चोवीस तास घेते, तिला कोणी बोलत नाही, मग मला का, असं म्हणून बशीतल्या चहावर फुंकर घालत बसायचे. ऑपरेटरबाईंनी दिवसा लेक बघायला मिळावी म्हणून रात्रपाळी मागून घेतली होती. सकाळी थकून घरी याव्यात तर मास्तर कप घेऊन बसलेलेच. "अजून चहाच चाललाय?" हे त्यांचं घरात पाऊल टाकतानाचं वाक्य. वीस-बावीस वर्षं त्यात एका शब्दाचा फरक झाला नाही.

मास्तरांना जाऊन अकरा वर्षं झाली. ते गेले त्या वर्षी अभियंता मापाला आला आणि दारातून विचारता झाला, "गृहस्वामी आहेत?" ऑपरेटरबाई कसंबसं म्हणाल्या, "बाहेर गेलेत." त्याने छापील कार्ड काढलं, दारात ठेवलं. 'मापासाठी आलो होतो. गृहस्वामी बाहेर गेले आहेत. पुन्हा येऊ.' पुढच्या वर्षी खरं सांगता आलं असतं. पण त्या कार्डावर मास्तर नुसते बाहेर गेलेले होते. येतील आता, छत्री कोपऱ्यात ठेवतील, चष्मा शोधतील. एवढं एकच ठिकाण उरलं होतं जिथे ते यायचे होते. मग दर वर्षी अभियंता विचारायचा आणि त्या सांगायच्या. उशाखालच्या डब्यात अकरा कार्डं जमली होती.

पूर्वेची खोली त्यांनी बंदच करून टाकली. ट्रंका, मोडक्या खुर्च्या, मास्तरांचे नकाशे, सगळं तिथे कोंबलं आणि ती अडगळीची खोली झाली. पूर्वी जिथे अडगळ असायची ती पुढची खोली रिकामी करून तिथे बैठक मांडली. ही अदलाबदल संघाला कळवायची असते. त्यासाठी गृहस्वामींची सही लागते. तेव्हा तो विषय तिथेच राहिला.

संघाच्या कचेरीत जायच्या आदल्या दिवशी वकिलीणकाकू खाली आल्या. नवरा वकील असल्यामुळे अर्ज म्हटला की त्यांचा जीव फुलायचा.

"किती पट सैल मागताय?"

"तिप्पट. नऊचे सत्तावीस होतील, पुष्कळ झाले."

"अहो, काय भोळ्या तुम्ही! तिप्पट मागितलं की सव्वापट मिळतं. बारापट मागा. ते कापत कापत तीनवर आणतात."

"आणि नाही कापलं तर?"

"ऑपरेटरबाई, सरकारी नाही, निमसरकारी नाही, पण कचेरी आहे ना ती? कापल्याशिवाय त्यांना जेवण जाईल का?"

जेवणावरून सांगायचं तर संघाच्या कचेरीत जेवणाच्या सुट्टीला खिडकीआडचा वेळ सैल करतात, अशी बोलवा होती. ती खोटी होती. खिडकीबाहेरचा आवळतात. ऑपरेटरबाई बाकावर टेकल्या, पिशवीतून चष्मा काढला, पुसला, डोळ्यांवर चढवला, तोवर दुपारचे तीन वाजले होते.

चौथ्या खिडकीतल्या कारकुनाने अर्ज वाचला. "कारण?"

"मुलगी येतेय."

"सगळ्यांच्या मुली येतात. सैल वेळ कुठे हवा?"

"बैठकीच्या खोलीत. लिहिलंय."

"आणि ओढून कुठून घ्यायचा? एका घराला दिवसाचे चोवीसच तास मंजूर आहेत. इकडे सोडायचा तर तिकडे आवळायला हवा. इथे तुम्ही लिहिलंय," त्याने कागद डोळ्यांजवळ नेला, "'मुलगी परत गेल्यानंतरच्या दिवसांतून'. किती दिवसांतून?"

"सगळ्या."

कारकुनाने पहिल्यांदा मान वर केली. मग जरा हळू आवाजात म्हणाला, "तसं नाही देता येत, बाई. ज्या दिवशीचा त्या दिवशीच. एखादी खोली सांगा, वापरात नसलेली."

"मग अडगळीची. तिथे कोणी बसत नाही."

"गृहस्वामींची सही?"

"बाहेर गेलेत."

कारकुनाने फाइल उलटीपालटी केली. "अकरा वर्षं?"

"कामाचा माणूस आहे," ऑपरेटरबाई म्हणाल्या. म्हणताना त्यांनी पदर सारखा केला आणि खिडकीच्या गजाकडे बघत राहिल्या.

"मग आम्हाला मापाशिवाय, नुसत्या नकाशावरून चावी फिरवावी लागेल. नंतर आमच्याकडे यायचं नाही."

"फिरवा."

या एका शब्दाने पुढचं सगळं झालं.

छकुली यायच्या दिवशी सकाळी अभियंता हजर. चावी फिरवताना घरात जिवंत असं काही ठेवायचं नाही, हा त्यांचा नियम. तेव्हा ऑपरेटरबाई, त्यांची मांजर, आणि सात कुंड्या अशी वरात रस्त्यावर आली. मांजर काखेत, अंगात घरातला विटका स्वेटर, पायांत दोन वेगवेगळ्या सपाता. गल्लीतलं येणारं-जाणारं माणूस थांबून "काय हो, घर सोडताय?" विचारून गेलं. तीस वर्षं ज्या गावाने आपला फक्त आवाज ऐकला, त्याने आपल्याला बघावं तर या अवतारात, याचं बाईंना फार वाईट वाटलं.

अभियंत्याने नकाशा पायरीवर पसरला. तो संघाचा, तीस वर्षांपूर्वीचा. त्यावर मास्तरांची खिडकी होती, खिडकीशी खुर्चीची खूण होती, आणि तिथे लिहिलं होतं 'बैठक'. पुढच्या खोलीत लिहिलं होतं 'अडगळ'. घरातल्या माणसाला काही विचारायचं नाही, हाही त्यांचा नियम. कारण घरातल्या माणसाला आपला वेळ कायम चुकीचा चाललाय असंच वाटत असतं. पानाचे आवाज आले. मग तो कोटाला हात पुसत उठला.

"झालं. बैठक सैल, अडगळ आवळली, स्वयंपाकघर अडगळीच्याच ओळीवर आहे तेही आवळलं. बारापट, मंजुरीप्रमाणे."

"कापलं नाही?"

"कापायचं असतं तर मापकाम बघून कापतो. मापकाम करणारे बाहेर गेलेत. चावी फिरवल्यावर आत बसून बघायलाही आम्हाला परवानगी नाही."

संध्याकाळी छकुली आली. डोक्यात चार पांढरे केस, डोळ्यांखाली काळं, पण हसणं तेच. ऑपरेटरबाईंनी तिला पुढच्या खोलीत सगळ्यात मऊ जागी बसवलं, आणि समोर बसून, आता आपल्याकडे वेळच वेळ आहे या ऐटीत विचारलं, "मग? कसा झाला प्रवास?"

"बरा झाला," छकुली म्हणाली. "विमानात शेजारी एक बाई होती, ती ना..."

ती बाई काय करत होती हे सांगून होईतो जेवणाची वेळ टळून गेली होती. बशा आवरल्या तोवर झोपायची. डोळा लागतो न लागतो तोच उजाडलं.

दुसऱ्या दिवशी तर कहर झाला. वकिलीणकाकूंनी गल्लीभर करून ठेवलं होतं की खाली बारापट सैल वेळ आहे. ज्याचं काम तुंबलेलं तो ते घेऊन आला. उद्याशेठ शिलाई मशीन उचलून घेऊन आला आणि कोपऱ्यात मांडून बसला. म्हणाला, "बाई, सात कोट राहिलेत. तुमच्या कृपेने आज गल्लीला तोंड दाखवता येईल." काकू स्वतः विणकाम घेऊन आल्या, वर नवऱ्याला झोपलेला ठेवून.

उद्याशेठची एक बाही शिवून झाली आणि त्याने मान वर केली, तर बाहेर दिवे लागलेले.

"बाई, इथे वेळ पळतोय हो!"

"तुमच्याकडे तो नेहमीच पळतो."

"तसं नाही, आजचा जरा जास्तच..."

"उद्याशेठ," ऑपरेटरबाई मान ताठ करून म्हणाल्या, "मी तीस वर्षं मिनिटं मोजली आहेत. आनंदात वेळ कळत नाही, एवढंच."

काकूंचा मोजा टाचेपर्यंतही आला नव्हता. त्या वर गेल्या तेव्हा वकीलसाहेब उठलेले होते. लग्नानंतर प्रथमच स्वतःचे स्वतः. त्याचा काकूंना इतका धक्का बसला की त्या दोन दिवस खाली आल्या नाहीत.

असे पाच दिवस गेले. गेले म्हणण्यापेक्षा हातातून सुटले. छकुली तोंड धुऊन यायची तोवर दहा वाजलेले. दोघी एकमेकींकडे बघून हसायच्या, काही बोलायला तोंड उघडायच्या, आणि दारात कुणीतरी कात्री किंवा वही घेऊन उभं असायचं. ऑपरेटरबाईंना आतून कळत होतं. पण आपणच मागून घेतलेली गोष्ट फसली हे लेकीसमोर कसं म्हणायचं? त्या नुसत्या जास्त भरभर बोलू लागल्या. एकदा तर वाक्याच्या मधेच त्यांना स्वतःचाच आवाज कानात ऐकू आला: तीन मिनिटं झाली.

सहाव्या दिवशी छकुली म्हणाली, "आई, माझी जुनी शाळेची पेटी असेल ना गं? बघून येते." आणि अडगळीच्या खोलीत गेली. इकडे ऑपरेटरबाईंनी चष्मा काढला, काच पुसली आणि परत लावला, तेवढ्यात ती परत दारात. केसांना जाळी, मांडीपर्यंत धूळ, डोळे लाल.

"सापडली नाही? लगेच आलीस ती?"

"लगेच?" छकुली दाराच्या चौकटीला टेकली. "आई, मी माझी चौथीपासूनची सगळी प्रगतिपुस्तकं वाचली. बाबांचे नकाशे बघितले. मग तिथेच ट्रंकेवर झोप लागली मला. चांगली दोन-अडीच तास झोपले मी."

दोघींनी भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं. मग एकमेकींकडे. छकुली पूल बांधणारी, तिला दोन आणि दोन चार करायला वेळ लागला नाही.

"आई, तू त्यांना नवीन नकाशा दिला नव्हतास?"

"गृहस्वामींची सही लागते," ऑपरेटरबाई म्हणाल्या.

छकुली खाली बघून केसांतली जाळी काढत राहिली. बाईंना ते बोलण्यापेक्षा जास्त लागलं.

त्यांनी ताबडतोब संघाला फोन लावला. तिकडे तरुण आवाजाची एक मुलगी होती. ऑपरेटरबाईंनी सुरुवातीपासून सांगायला घेतलं, म्हणजे अगदी मास्तरांच्या चहापासून, कारण त्याशिवाय काही कळण्यासारखं नव्हतं. त्या रस्त्यावरच्या कुंड्यांपर्यंत आल्या आणि ती मुलगी गोड आवाजात म्हणाली, "बाई, तक्रारीला तीन मिनिटं असतात. झाली."

"अगं, एकच वाक्य राहिलंय!"

फोन बंद झाला होता. ऑपरेटरबाई रिसीव्हर हातात धरून बराच वेळ उभ्या होत्या. म्हणजे खोलीबाहेर तासभर तरी गेला असेल.

दुरुस्तीला आठ दिवस लागतात, एवढं शेवटी कळलं. छकुलीचे राहिले होते तीन.

"मग आपण तिकडेच राहायचं," छकुली म्हणाली. "त्यात काय!"

"त्या खोलीत? अगं, बसायला जागा नाही."

"करू. वेळ आहे की आपल्याला."

अकरा वर्षांनी ऑपरेटरबाई त्या खोलीत गेल्या. दारातच पाय अडला. पुढे ट्रंक होती, म्हणून. असं त्यांनी स्वतःला सांगितलं. मग कामाला लागल्या. दोघींनी एकेक वस्तू उचलली, झटकली, तिच्याबद्दल बोलल्या आणि जिथे होती तिथेच परत ठेवली. आवरणं असंच असतं. ट्रंकेवर चादर घातली. मोडकी खुर्ची दोन भूगोलांच्या आधाराने उभी केली. स्वयंपाकघर आवळलेलं, तिथे एक आधण येईतो अर्धा दिवस जायचा, म्हणून छकुलीने स्टोव्ह, पातेलं, डबे सगळं एका पळात आत आणलं, घर पेटल्यासारखं धावत. उद्याशेठला कुणकुण लागलीच. तो मशीन घेऊन दारात आला. "ताई, एक कोपरा मिळाला तर..."

"काका, आत जागा नाही."

"नुसती सुई-दोरा घेऊन येतो."

"उद्या," छकुली म्हणाली आणि दार लावून आतून ट्रंक सरकवली.

आणि मग तो वेळ आला, जो ऑपरेटरबाईंनी चार वर्षं मागितला होता. खिडकीतून उन्हाची एक पट्टी जमिनीवर आली होती आणि ती हलत नव्हती. त्या दोघी बोलल्या, गप्प बसल्या, पुन्हा बोलल्या. छकुलीने तिकडच्या घराबद्दल सांगितलं, ज्या घरात तिला संध्याकाळी कुलूप उघडायला आवडत नाही. ऑपरेटरबाईंनी फोनवर कधीच सांगितलं नव्हतं ते गुडघ्याचं सांगितलं. टॉवेलचा विषय एकदाही निघाला नाही.

तिसऱ्या दिवशी छकुलीने चहा केला आणि मास्तरांच्या खुर्चीकडे बोट दाखवलं. "तू बस तिथे."

"नको गं. ती त्यांची."

"बस तर खरी."

ती खुर्ची फार बुटकी. मास्तरांनी मुद्दाम पाय कापून घेतले होते, आणि त्यावरून बाईंनी एकदा महिनाभर बोलून घेतलं होतं. त्या बसल्या. समोर खिडकी. त्या खोलीत झाडलोट करताना त्यांनी हजारदा त्या खिडकीतून बाहेर पाहिलं असेल. उभ्याने समोरच्या छपराचे पत्रे दिसायचे, बाकी काही नाही. आता खाली बसल्यावर त्या पत्र्यांच्या खालून, दोन भिंतींच्या फटीतून, गल्लीचं टोक दिसत होतं. आणि गल्लीच्या टोकाला एक हिरवं, गंजलेलं दार.

एक्सचेंजचं मागचं दार. रात्रपाळी सुटल्यावर त्या तिथूनच बाहेर पडायच्या.

"इथून दिसतं हे?" त्या म्हणाल्या.

"तुला माहीत नव्हतं?" छकुलीने कप खाली ठेवला. "बाबा तेच बघत बसायचे. मी दप्तर भरत असायचे ना, तेव्हा ते म्हणायचे, 'थांब, अजून दार उघडलं नाही.' तू दिसलीस की उरलेला चहा एका घोटात. मग परत थोडा ओतून घ्यायचे, तू आत यायच्या आधी."

"परत ओतून?"

"तू आत येऊन 'अजून चहाच चाललाय' म्हणायचीस ना. ते त्यांना फार आवडायचं."

ऑपरेटरबाईंनी कपाकडे पाहिलं. "मी सुट्टीच्या दिवशी झोपलेली असायचे..."

"त्या दिवशी चार मिनिटांत उरकायचे."

तेव्हा त्यांना शेवटचं वर्ष आठवलं. त्या निवृत्त होऊन घरी बसल्या होत्या, एक्सचेंजला कुलूप लागलं होतं, आणि मास्तरांचा चहा एकाएकी झटपट संपायला लागला होता. त्यांनी डॉक्टरांना सांगितलं होतं, यांची चहावरची वासना उडालीय, काहीतरी बिघडलंय. पुढे खरंच बिघडलं, म्हणून तो चहा त्यांनी दुखण्याच्याच खाती घातला होता.

उन्हाची पट्टी बोटभर सरकली.

छकुली गेली. निरोपाला ऑपरेटरबाई पुढच्या खोलीत मुळीच थांबल्या नाहीत. अडगळीतच तिला जवळ घेतलं, आणि हवा तेवढा वेळ घेतलं.

त्यानंतर पाच दिवसांनी अभियंता आला. चूक संघाची नाही, हे त्याने आधी सांगितलं. मग चावी मूळ जागी फिरवली आणि फाइल उघडून मास्तरांच्या खिडकीशी ट्रंकेवर बसला.

"आता मापकाम नवीन नोंदवावं लागेल, बाई. नाहीतर पुन्हा असंच होणार. कोणाचं घालू?"

"माझं."

"काम?"

"सकाळचा चहा."

"किती मिनिटं?"

"बेचाळीस."

त्याने फाइलमध्ये पाहिलं, मग बाईंकडे. "जमलं पाहिजे हं. मी मोजणार. आणि जमलं की मग ही वरची, गृहस्वामींची ओळ खोडायची." त्याने बोट ठेवलं ती ओळ बाईंना पाठ होती.

"जमलं की खोडा," त्या म्हणाल्या.

पहिल्या दिवशी नऊ मिनिटांत कप रिकामा. तीस वर्षं दोन कॉलच्या मधे उभ्याने चहा ढोसलेली बाई. जिभेला सवयच नव्हती. अभियंता म्हणाला, "बाई, चहा पिताय की औषध?" दुसऱ्या दिवशी चौदा. तिसऱ्या दिवशी, फुंकर घालून घालून चक्कर यायची वेळ आली तरी, सतरा. वकिलीणकाकूंनी सुचवलं की दोन कप घ्या. उद्याशेठ म्हणाला, उरलेला उद्या घ्या. संध्याकाळी फोनवर छकुली म्हणाली, "आई, तू चहाकडे बघतेस. खिडकीकडे बघ."

चौथ्या सकाळी अभियंत्याने कुपी उलटी केली. ऑपरेटरबाईंनी बशीत थोडा चहा ओतला आणि समोर पाहिलं. पत्र्यांच्या खाली, गल्लीच्या टोकाला ते हिरवं दार बंद होतं. कडीवर वेल चढली होती. त्या बघत राहिल्या. आता उघडेल. मागून पाळी सुटल्याचा गलका येईल आणि ती बाहेर पडेल, पस्तिशीची, खांद्याला पिशवी, अंबाडा सुटलेला, झोपेने डोळे जड, कुणावर तरी चिडलेली. भराभर चालत येईल, खाली मान घालून. एकदा वर बघ ना गं, त्यांना वाटलं. फक्त एकदा. इथे कोण बसलंय बघ. चहाचा एक घोट त्यांनी घेतला, मग बऱ्याच वेळाने दुसरा, कारण मधे एक दूधवाला त्या दारासमोरून गेला आणि क्षणभर वाटलं होतं की दार हललं.

अभियंत्याने पेनाचं टोपण काढलं. कुपीत वरच्या बाजूला चिमूटभर वाळू राहिली होती.

"बाई," तो म्हणाला, "बेचाळीस होत आली."

ऑपरेटरबाईंनी नजर काढली नाही. कपाच्या तळाशी थोडा चहा होता, गार झालेला.

"थांबा हो," त्या म्हणाल्या, "एकच घोट राहिलाय."

सगळ्यांचा एकच राहिलेला असतो, असं तो म्हणेल म्हणून त्या वाट बघत होत्या. त्याने हात पुढे केला आणि वाळूची कुपी अलगद आडवी ठेवली.